टेपवरचा दुसरा आवाज

माहितीपटासाठी मुलाखत द्यायला बसलेल्या माणसाला आमच्या वेळी एक सूचना हमखास मिळायची: प्रश्न उत्तरातच घ्या. ‘गाव कोणतं’ असं विचारलं तर नुसतं ‘वाई’ म्हणायचं नाही, ‘माझं गाव वाई’ असं पूर्ण वाक्य बोलायचं. असं केलं की एडिटिंगच्या टेबलावर विचारणाऱ्याचा आवाज कापता येतो आणि पडद्यावरचा माणूस कुणी न विचारता आपणहून बोलतोय असं दिसतं. मी ध्वनिमुद्रक. ऐंशीच्या दशकात पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडले आणि मुंबईत हेच काम करत राहिले. खांद्याला नाग्रा टेपरेकॉर्डर, कानाला हेडफोन, हातात बूम म्हणजे लांब दांडीवरचा माइक. ही सूचना मी कितीतरी शेतकऱ्यांना, गिरणी कामगारांना, नर्सबाईंना दिली आहे. बहुतेकांना ती जमायची नाही. माणूस समोरच्याशी बोलतो. दोन उत्तरं सांगितल्याप्रमाणे देऊन झाली की तिसऱ्या वेळी तो विसरायचा आणि ‘हो ना ताई, तुम्ही म्हणता तसंच’ असं म्हणून मोकळा व्हायचा. मग दिग्दर्शक ‘कट’ म्हणायचा.

हेडफोनमध्ये मला मात्र दोन्ही आवाज यायचे. उत्तर देणाऱ्याचा जवळून, स्पष्ट. विचारणाऱ्याचा बूमच्या पाठीमागून आलेला, म्हणून जरा बोथट. संकलन झालं की हा दुसरा आवाज नाहीसा व्हायचा. आज माहितीपट करणारी तरुण मंडळी ‘माझं घर’, ‘माझी आजी’, ‘माझा शोध’ असं सहज म्हणतात आणि निवेदनही स्वतःच्याच आवाजात करतात. हे आपल्याकडे कधी सुरू झालं असं त्यांच्यापैकी कुणी विचारलं की मी त्या कापलेल्या आवाजाचा माग काढत मागे जाते. त्या वाटेवर यंत्रं लागतात, कच्च्या फिल्मचे भाव लागतात, आणि कॅमेऱ्यासमोरच्या माणसांनी कॅमेऱ्यामागच्यांना केलेले उलट सवाल लागतात. दिग्दर्शकाच्या मनातली आत्मकथनाची ओढ या सगळ्यानंतर येते, असं माझं ठाम मत आहे.

१९१२ साली दादासाहेब फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि तो उगवून वर येईपर्यंत रोज थोडं थोडं चित्रण केलं. ‘अंकुराची वाढ’ दाखवून त्यांनी भांडवल उभं केलं, ही हकिगत मराठी वाचकांना पाठ आहे. मला त्याहून जवळचा वाटतो तो त्यांचा १९१७ सालचा ‘चित्रपट कसे तयार करतात’. त्याचा तुकडा आज शिल्लक आहे. त्यात फाळके स्वतः काम करताना दिसतात. नटांना शिकवतात, फिल्म हातात घेऊन तपासतात. मूकपट असल्यामुळे बोलत काही नाहीत, पण स्वतःचा कारखाना, स्वतःची माणसं आणि स्वतःचे हात त्यांनी प्रेक्षकांसमोर ठेवले. आपल्या माहितीपटातला ‘मी’ शोधताना मी सुरुवात इथे धरते. पुढे आवाज आला आणि गंमत म्हणजे हा ‘मी’ कित्येक वर्षं गप्प झाला.

कारण आवाज आला तो सरकारबरोबर. दुसऱ्या महायुद्धात, १९४० साली, ब्रिटिश सरकारने फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड स्थापन केलं. व्ही. शांतारामही काही काळ त्या कामात होते. १९४३ साली इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया आणि इंडियन न्यूज परेड सुरू झाले आणि युद्ध संपल्यावर, १९४६ साली, बंद पडले. स्वतंत्र भारताने १९४८ साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजन सुरू केलं. माझ्या पिढीला थिएटरातला क्रम आठवत असेल. दिवे मालवले की आधी न्यूज रील, मग एखादा माहितीपट, मग मुख्य चित्रपट. ही अट थिएटरच्या परवान्यातच होती आणि त्या फिल्मचं भाडंही थिएटरवाल्यालाच भरावं लागे. धरण, लस, कुटुंबनियोजन, लोकनृत्य, भाताची नवी जात, सगळं या वाटेने लोकांपर्यंत गेलं. कुणी त्याला कंटाळवाणं म्हणतं तेव्हा मला वाईट वाटतं. या देशाचं चालतंबोलतं दप्तर त्या लोकांनी जमा करून ठेवलं आहे.

चालतंबोलतं म्हटलं खरं, पण बोलायचा एकच माणूस. चित्रण पस्तीस मिलिमीटरवर. कॅमेरा जड आणि आवाज करणारा, त्याला गप्प बसवायचं तर त्याच्यावर आणखी वजनदार आवरण घालावं लागे. खेड्यात एवढा सरंजाम नेणं कठीण, म्हणून बहुतेक चित्रण मुकंच व्हायचं. मुंबईला परतल्यावर त्यावर संगीत चढायचं. विजय राघव राव यांची बासरी आणि त्यांचं संगीत त्या काळच्या कितीतरी फिल्म्समध्ये आहे. संगीतावर कॉमेंटरी. इंग्रजीत रोमेश थापर, झुल वेलानी, प्रताप शर्मा यांचे आवाज. भारदस्त, स्वच्छ, मायक्रोफोनपासून योग्य अंतरावर. संगीत आणि इतर ध्वनी वेगळ्या ट्रॅकवर ठेवलेले असल्यामुळे एकेका भाषेची कॉमेंटरी त्यावर बसवता यायची, तशी ती मराठीतही व्हायची. भाषा कुठलीही असो, तो आवाज ‘आपला देश’, ‘आपण सारे’ असंच बोलायचा. जुनी रिळं आजही पाहिली तर शेतकऱ्याचे ओठ हलताना दिसतात आणि तो काय म्हणाला हे कधीच कळत नाही. ध्वनिमुद्रक म्हणून मला ती दृश्यं बघवत नाहीत. त्या माणसाचं बोलणं हवेत विरून गेलं, ते कुठल्याच टेपवर नाही.

१९६५ ते ६७ या काळात ज्याँ भावनगरी सल्लागार म्हणून परत आले. मूळचे मुंबईचे, पॅरिसला युनेस्कोत काम करणारे. त्यांनी दिग्दर्शकांना मोकळीक दिली आणि त्या एक-दोन वर्षांत फिल्म्स डिव्हिजनमध्ये जे झालं ते नंतर बराच काळ झालं नाही. सुखदेव यांचा ‘इंडिया ६७’ कॉमेंटरीशिवाय आहे. जवळजवळ तासभर देश नुसता दिसतो आणि ऐकू येतो. चित्रकार हुसेन यांचा ‘थ्रू द आयज ऑफ अ पेंटर’ हाही कॉमेंटरीवाचून आहे. राजस्थानात छत्री, कंदील, जोडा, गाय या वस्तू त्यांना जशा दिसल्या तशा त्यांनी मांडल्या, आणि बर्लिनला १९६७ साली त्या लघुपटाला सुवर्ण अस्वल मिळालं. के. एस. चारी यांच्या ‘फेस टू फेस’मध्ये लोकशाहीबद्दल नागरिक स्वतः बोलतात. एस. एन. एस. शास्त्री यांनी ‘आय ॲम ट्वेंटी’ केला, स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या आणि १९६७ साली वीस वर्षांच्या झालेल्या मुलामुलींना बोलतं करून. ती मुलं देशाबद्दल आशेने बोलतात, रागाने बोलतात, एखाद्याला देशाचं काहीच वाटत नाही आणि तोही तसं सांगतो. सरकारी पैशाने काढलेल्या फिल्ममध्ये हे सगळं राहिलं.

शास्त्री मूळचे कॅमेरामन. १९६८ साली त्यांनी ‘अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स’ केला. नावातच ‘मी’ आहे. सोळाएक मिनिटांची, धडाधड कापलेल्या चित्रांची ती फिल्म. लघुपट म्हणजे काय आणि तो कुणासाठी करायचा, यावर वेगवेगळे आवाज बोलत राहतात, एकमेकांना छेद देतात. मी ती पहिल्यांदा ऐकली (मी फिल्म आधी ऐकते, मग पाहते) तेव्हा त्या आवाजांचा पोत माझ्या लक्षात राहिला. कॉमेंटरीच्या खोलीतला तो गुळगुळीत घोटलेला आवाज इथे नव्हता. नोकरीतल्या माणसाने आपल्याच धंद्याला जाहीरपणे प्रश्न विचारला होता. पण विचारलेला प्रश्न अजूनही स्वतःलाच होता. फिल्म ज्यांची काढली जाते त्यांच्या तोंडी तो यायचा होता.

इथे थोडं पॅरिसला जावं लागेल, कारण आमच्या धंद्यातला तो मोठा क्षण आहे. १९६० च्या उन्हाळ्यात ज्याँ रूश आणि एदगार मोराँ हे दोघे ‘क्रॉनिकल ऑफ अ समर’चं चित्रण करत होते. स्टेफान कुडेल्स्की यांनी बनवलेला नाग्रा तोवर हाती आला होता. बॅटरीवर चालणारा, खांद्याला अडकवण्याजोगा टेपरेकॉर्डर. जोडीला हातात धरता येईल असा नवा हलका कॅमेरा. मार्सलीन लोरिदाँ ही तरुणी नाग्रा खांद्याला लावून प्लास द ला कॉंकोर्दच्या चौकातून एकटीच चालत जाते आणि स्वतःशी बोलावं तसं आपल्या वडिलांशी बोलते. तिला आणि वडिलांना नाझी छावणीत नेलं होतं, वडील परत आले नाहीत. पुढच्या भागात कॅमेरा गाडीत ठेवून तिच्यापासून लांब लांब नेला आहे. ती चित्रात लहान होत जाते आणि आवाज मात्र तेवढाच जवळ राहतो, कारण यंत्र तिच्याच अंगावर आहे. शेजारी ना दिग्दर्शक, ना ध्वनिमुद्रक. शेवटी रूश आणि मोराँ संग्रहालयाच्या दालनात येरझारा घालत आपल्याच फिल्मची चर्चा करतात, तीही फिल्ममध्ये आहे. विद्यार्थी असताना हे पाहिलं आणि ‘आपला आवाज टेपवर येता कामा नये’ या शिकवणीकडे मी निराळ्या नजरेने बघू लागले.

आपल्याकडे हलकी यंत्रं आली, पण पैशाचा हिशेब सुटला नाही. सोळा मिलिमीटरची चारशे फुटांची रीळ अकरा मिनिटं चालते. कच्ची फिल्म आयात व्हायची, परवान्यावर मिळायची, आणि अकरा मिनिटांतलं एक मिनिट दिग्दर्शकाच्या आजीवर घालवणं म्हणजे चैन मानली जायची. मराठी साहित्यात ‘मी’ केव्हाच येऊन बसला होता. रमाबाई रानड्यांच्या आठवणी १९१० साली छापल्या गेल्या, लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ तिसाच्या दशकात. १९७८ साली दया पवारांचं ‘बलुतं’ आलं आणि त्यात तर सांगणारा आणि ऐकणारा अशी एकाच माणसाची दोन रूपं समोरासमोर बसवली आहेत. त्यासाठी लागतं काय, तर वही, पेन आणि धैर्य. सिनेमाला धैर्याशिवाय आणखी बरंच काही विकत आणावं लागत होतं.

आनंद पटवर्धन यांनी १९७४-७५ मध्ये बिहारमधल्या जयप्रकाशजींच्या आंदोलनावर ‘क्रांती की तरंगें’ केला तो याच तुटपुंज्या साधनांवर. काही चित्रण सुपर एटवर. ते पडद्यावर टाकायचं आणि पडदा पुन्हा सोळा मिलिमीटरवर टिपायचा. आणीबाणीत त्या फिल्मचे तुकडे करून ते परदेशी पाठवले आणि तिथे पुन्हा जोडले. अशा फिल्ममध्ये ‘मी’ म्हणण्यातला धोका वेगळाच होता. बोलणारा ओळखला जाणं म्हणजे पकडलं जाणं.

आता १९८५ च्या ‘हमारा शहर’कडे येते. मुंबईतल्या फुटपाथवर आणि झोपड्यांत राहणाऱ्यांची घरं महापालिका तोडत होती, त्यावरची ही फिल्म. तिच्यात एक बाई आहे. तिचं घर नुकतंच पाडलंय. ती कॅमेऱ्यामागच्यांना धारेवर धरते. तुम्ही येता, आमचे फोटो काढता, त्यावर नाव कमावता, आमच्यासाठी काय करणार, असा तिच्या बोलण्याचा रोख. असं बोलणं त्याआधी कधी टेपवर आलं नसेल असं मुळीच नाही. लोक नेहमीच असं बोलत आले आहेत. मी स्वतः ते हेडफोनमध्ये ऐकलंय, विदर्भात ऐकलंय, गोवंडीत ऐकलंय. आणि ते संकलनात जाताना पाहिलंय, कारण ‘विषयाशी संबंध नाही’. पटवर्धनांनी ते फिल्ममध्ये ठेवलं.

आपल्या माहितीपटातला बोलता ‘मी’ माझ्या मते इथे जन्मला. त्या फिल्ममध्ये दिग्दर्शक ‘मी अमुक, माझं बालपण असं’ असं काही सांगत बसत नाही. समोरच्या बाईने ‘तुम्ही’ म्हटलं आणि त्या शब्दाने कॅमेऱ्यामागे कुणीतरी माणूस उभा आहे हे प्रेक्षकाला कळलं. त्या माणसाचा वर्ग, त्याची चप्पल, संध्याकाळी तो कुठल्या घरी परत जाणार, हे सगळं एका क्षणात पडद्यावर आलं. पुढच्या वर्षी नरिमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर वस्ती पाडली तेव्हा शबाना आझमी आणि इतरांबरोबर पटवर्धनही उपोषणाला बसले. त्या बाईच्या सवालाला ते उत्तर होतं की नव्हतं, हे ठरवणारी मी कोण. पण सवाल टेपवर राहिला, म्हणून तो आजही विचारता येतो.

त्याच फिल्ममध्ये विलास घोगरे गातात. शाहीर, कष्टकऱ्यांच्या चळवळीतला माणूस. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाल्यावर लोक रस्त्यावर उतरले, राज्य राखीव दलाने गोळीबार केला आणि दहा माणसं मेली. काही दिवसांनी विलास घोगऱ्यांनी गळफास घेतला. ‘जय भीम कॉम्रेड’ तिथून सुरू होतो. चौदा वर्षं चित्रण चाललं, २०११ साली फिल्म पुरी झाली, तीन तासांहून मोठी. तिच्यात शाहिरी आहे, न्यायालय आहे, पुण्याच्या कबीर कला मंचाची पोरं आहेत. पण ती का काढली याचं उत्तर साधं आहे: गेलेला माणूस दिग्दर्शकाच्या ओळखीचा होता, त्याचा आवाज त्याने कधीकाळी मुद्रित केला होता. १९८५ सालचा तो आवाज २०११ साली पुन्हा ऐकताना माझ्या अंगावर काटा येतो. तो जपून ठेवलेला होता म्हणून ही फिल्म उभी राहू शकली, असं मी माझ्या विद्यार्थ्यांना सांगते. पहिल्या पुरुषातली फिल्म म्हटल्यावर मला ही आठवते, जरी तिच्यात दिग्दर्शक स्वतःबद्दल फार थोडं बोलत असला तरी.

मधल्या काळात, १९९१ साली, रीना मोहन यांचा ‘कमलाबाई’ आला. कमलाबाई गोखले म्हणजे फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मधली मोहिनी, भारतीय पडद्यावरच्या पहिल्या स्त्री कलावंतांपैकी एक. आई दुर्गाबाई कामत त्याच चित्रपटात पार्वती झाल्या होत्या. फिल्म झाली तेव्हा कमलाबाई नव्वदीच्या घरात होत्या. मूकपटातून आलेली ही बाई कॅमेऱ्याला अजिबात बुजत नाही. त्या सरळ चित्रण करणाऱ्यांशी बोलतात, त्यांना सुनावतात, रंगभूमीवरचे उतारे तोंडपाठ म्हणून दाखवतात. दिग्दर्शिकेने ते बोलणं आपल्याला उद्देशून आहे तसंच राहू दिलं. ‘प्रश्न उत्तरातच घ्या’ असं कमलाबाईंना सांगायची कुणाची छाती झाली असती असं मला वाटत नाही. त्या वयाच्या मराठी बायका पाहुण्याला ‘बस, आधी पाणी पी’ म्हणतात आणि मग बोलतात. पाहुण्याला कापून टाकलं तर त्यांच्या बोलण्यातलं अर्धं निघून जातं.

नव्वदच्या दशकाच्या मध्यानंतर छोटे डिजिटल कॅमेरे आले आणि माझ्या धंद्याचं रूप पालटलं. तासाभराची टेप काहीशे रुपयांत मिळू लागली. कॅमेऱ्यावरच माइक. दिग्दर्शक एकटाच कुणाच्याही स्वयंपाकघरात शिरू शकत होता. ध्वनिमुद्रकाची गरज उरली नाही, आणि एक गोष्ट घडली जिच्याबद्दल फारसं लिहिलं गेलेलं नाही. माइक कॅमेऱ्यावर असला की त्याला सर्वांत जवळचं तोंड कॅमेरा धरणाऱ्याचं असतं. त्यामुळे टेपवर सगळ्यांत मोठा आणि स्पष्ट आवाज त्याचा येतो. समोरचा दोन मीटरवर, कुकरच्या शिट्टीच्या पलीकडे. इतकी वर्षं जो आवाज बोथट होऊन मागून यायचा तो एका रात्रीत पुढे आला. कापायचा म्हटला तरी कापता येईना, कारण उत्तरावर त्याचं हुं हुं पसरलेलं. त्या काळातल्या कितीतरी फिल्म्समध्ये दिग्दर्शकाचा आवाज ऐकू येतो त्यामागे विचार होता तसं हे यंत्रही होतं. मिक्सिंगला बसून मी तो आवाज खाली आणायची आणि दिग्दर्शक म्हणायचे, असू दे, मीच आहे तो.

मुंबईत त्या काही वर्षांत झालेलं काम मला फार मोलाचं वाटतं. पारोमिता वोहरांच्या ‘अनलिमिटेड गर्ल्स’मध्ये (२००२) एक बाई इंटरनेटच्या गप्पांच्या खोलीत शिरून स्त्रीवाद म्हणजे काय हे विचारत फिरते. अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांनी ‘नाता’ (२००३) मध्ये धारावीत दंगलीनंतर सलोख्याचं काम करणारे भाऊ कोरडे आणि वकार खान यांची मैत्री दाखवताना आपण दोघे या शहरात कुठून आलो हेही त्यात गुंफलं. अविजित मुकुल किशोर यांनी ‘स्नॅपशॉट्स फ्रॉम अ फॅमिली अल्बम’ मध्ये आईवडिलांकडे कॅमेरा वळवला. निष्ठा जैन यांच्या ‘लक्ष्मी अँड मी’ (२००७) मध्ये घरकाम करणारी तरुण मुलगी आणि तिला पगार देणारी दिग्दर्शिका एकाच चौकटीत आहेत. ती आजारी पडते, लग्न करते, तिला दिवस जातात, आणि दिग्दर्शिका मालकीण म्हणूनही त्यात सापडत जाते. या फिल्म्स दाखवायला जागाही त्याच मंडळींनी निर्माण केली. मुंबईच्या सरकारी महोत्सवात भारतीय माहितीपटांना सेन्सॉरचं प्रमाणपत्र सक्तीचं करायचं ठरलं तेव्हा दिग्दर्शक एकत्र आले आणि २००४ साली प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ भरवला.

यानंतर पहिल्या पुरुषाचा पूर आला, आणि त्यातलं बरंचसं मला रुचत नाही. हलक्या आवाजात, मायक्रोफोनला ओठ लावून म्हटलेलं निवेदन. जुनी छायाचित्रं, आजीची साडी, खिडकीतला पाऊस. अशा फिल्मला मी एक कसोटी लावते. दिग्दर्शकाला कुणी उलट विचारतं का? आईने ‘तू हे कशाला काढतोस’ म्हटलेलं आहे का? नोकराने, शेजाऱ्याने, धाकट्या भावाने ‘तुझं चुकतंय’ म्हटलेलं ऐकू येतं का? नसेल तर तिथे जुनी कॉमेंटरीच परत आलेली असते, फक्त आवाज बारीक करून. पायल कपाडिया यांच्या ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ (२०२१) मध्येही कुजबुजता आवाज आहे, ‘एल’ नावाच्या मुलीची प्रियकराला लिहिलेली पत्रं वाचणारा, आणि ती मुलगी कल्पित आहे. तरी ती फिल्म मला खरी वाटते. फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थ्यांचा २०१५ सालचा १३९ दिवसांचा संप तिच्यात आहे, आणि जातीवरून दुरावलेलं त्या मुलीचं प्रेम संपातल्या घोषणांनाही प्रश्न विचारतं.

ज्योती निशा यांचा ‘डॉ. बी. आर. आंबेडकर: नाऊ अँड देन’ (२०२३) लोकवर्गणीतून उभा राहिला आणि त्यात त्या स्वतः आहेत. सोमनाथ वाघमारे यांचा ‘चैत्यभूमी’ त्याच सुमाराचा, दादरला सहा डिसेंबरला लोटणाऱ्या गर्दीचा. इतकी वर्षं ज्यांच्याबद्दल फिल्म काढली जायची ती माणसं आता विचारणाऱ्याच्या जागी आहेत. कॅमेऱ्यामागचा माणूस गर्दीतलाच असल्यामुळे समोरच्याचा सूर वेगळा लागतो. वाक्य पुरं करायची घाई नसते, सगळं पहिल्यापासून समजावून सांगायची गरज नसते. कानाला हा फरक लगेच कळतो.

पटवर्धनांनी स्वतःच्या घरावरची फिल्म केली ती अगदी उशिरा, ‘वसुधैव कुटुंबकम्’, २०२३ मध्ये. त्यांचे काका रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन, अहमदनगरचे, बेचाळिसच्या लढ्यातले. आई निर्मला मूळच्या सिंधच्या, मातीची भांडी करणाऱ्या कलावंत. आईवडील थकत चालले तेव्हा मुलाने घरच्यासाठी म्हणून केलेलं हे चित्रण. त्यात मुलगा मुलासारखाच विचारतो, आईवडील त्याला आईवडिलांसारखीच उत्तरं देतात, चिडवतात, मध्येच विषय बदलतात. आवाज सगळीकडे एकसारखा नाही, खोलीत पंखा आहे, रस्ता आहे. मला कुणी तो ट्रॅक स्वच्छ करायला दिला असता तर मी पंख्याला हात लावला नसता.

हे सगळं पुन्हा ऐकता येतं ते टेप टिकल्या तर. पुऱ्या झालेल्या फिल्मची प्रत कुठेतरी जपली जाते, न वापरलेलं चित्रण आणि ध्वनी मात्र कुणी जपत नाही. व्हिडिओच्या टेपा पैसे वाचवायला पुसून पुन्हा वापरल्या गेल्या. पाव इंची टेपांचे डबे माळ्यावर पडून आहेत आणि मुंबईच्या दमट हवेत त्यांना बुरशी धरते, काहींचा लेप चिकट होऊन हेडला लागतो. तशा टेपा मंद उष्णतेवर काही तास ठेवून एखाददुसऱ्या वेळेपुरत्या वाजवता येतात, पण ते जाणत्याकडूनच करून घ्यावं. माझ्याकडच्या टेपा मी एकेक करून उतरवते आहे. डब्यावर तारीख, गाव, बोलणाऱ्याचं नाव आणि विचारणाऱ्याचंही नाव घालते. ज्यांच्याकडे असे डबे आहेत त्यांनी ते या एक-दोन वर्षांतच बाहेर काढावेत. चालू स्थितीतला नाग्रा आणि तो दुरुस्त करू शकणारी माणसं मुंबईत अजून सापडतात.